ड्रमवरचं लेबल वाचायचं कसं: केमिकल प्लांटमध्ये नव्यानं रुजू होणाऱ्यांसाठी

पहिल्या दिवशीचं सेफ्टी ट्रेनिंग सगळीकडे जवळपास सारखंच असतं, मग ती लोटे-परशुरामची एमआयडीसी असो, कुरकुंभची असो नाहीतर तारापूरची. पडद्यावर लाल चौकटीतली नऊ चित्रं येतात, शेवटी दहा मार्कांचा पेपर होतो, रजिस्टरवर सही होते आणि माणूस हेल्मेट घालून आत जातो. आत गेल्यावर कळतं की ड्रमवर चित्रांपेक्षा मजकूरच जास्त आहे, तो इंग्रजीत आहे, अगदी बारीक अक्षरात आहे आणि स्टोअरवाल्यांनी आपलं स्टिकर नेमकं त्याच्यावरच चिकटवलंय.

एओसीपीचा (केमिकल प्लांट ऑपरेटरचा) ट्रेड करून अ‍ॅप्रेंटिस लागलेले, बीएस्सी करून थेट प्रॉडक्शन किंवा क्यूसीत (माल तपासणाऱ्या विभागात) आलेले आणि कॉन्ट्रॅक्टरकडून लोडिंग-अनलोडिंगला आलेले अशा सगळ्यांसाठी हे लिहितोय. शेवटच्यांना तर ते दहा मार्कांचं ट्रेनिंगही पुष्कळदा मिळत नाही. प्रॉडक्शनमध्ये बरीच वर्षं काढल्यावर माझं मत असं झालंय की चित्रं पाठ करणं हा यातला सगळ्यात सोपा आणि सगळ्यात कमी कामाचा भाग आहे. चित्र फक्त खानदान सांगतं. तो पदार्थ तुम्हाला नाकातून गाठणार, कातडीतून गाठणार की वीस वर्षांनी गाठणार, हे खालच्या बारीक ओळींत असतं. तिथपर्यंत जायची सवय लावून घ्यायची आहे.

## आधी जवळ काय हवं

- तुमच्या सेक्शनमध्ये येणाऱ्या मालाची यादी आणि प्रत्येकाचं एसडीएस, म्हणजे सेफ्टी डेटा शीट. जुनी मंडळी एमएसडीएस म्हणतात, दोन्ही एकच. ही फाईल प्लांट ऑफिसात असते. ती कपाटात कुलूपबंद असेल तर किल्ली कुणाकडे असते हे पहिल्याच आठवड्यात माहीत करून घ्या.
- खिशात मावणारी डायरी आणि पेन. सॉल्व्हंट एरियात मोबाईल नेता येत नाही, त्यामुळे फोटो काढून ठेवू हा बेत तिथं चालत नाही.
- कोरी लेबलं आणि पर्मनंट मार्कर.
- कंट्रोल रूम आणि ओएचसीचा (प्लांटमधल्या दवाखान्याचा) अंतर्गत नंबर. बाहेरचे दोन: १०१ आणि ११२.

ही माहिती मागताना संकोच करू नका. भोपाळच्या १९८४ च्या दुर्घटनेनंतर १९८६ चा पर्यावरण संरक्षण कायदा आला आणि त्याखाली १९८९ मध्ये घातक रसायनांच्या उत्पादन, साठवण आणि आयातीचे नियम झाले. त्यातल्या नियम १७ प्रमाणे अशा रसायनाचं सेफ्टी डेटा शीट तयार ठेवावं लागतं. डब्या-ड्रमवर आत काय आहे, ते कुणी बनवलं किंवा आयात केलं आणि त्याचे धोक्याचे गुणधर्म काय, हेही लिहावं लागतं. कारखाने अधिनियमात १९८७ च्या दुरुस्तीनं कामगाराला सुरक्षेची माहिती मिळवण्याचा हक्क दिला, तोही भोपाळचाच परिणाम. तेव्हा फाईल मागणारा नवा पोरगा 'शहाणपणा करतोय' असं कुणी म्हणालं, तर म्हणू द्या.

## १. नावावर जाऊ नका, नंबर जुळवा

प्लांटमध्ये कुणीही पूर्ण नाव घेत नाही. एमडीसी, आयपीए, डीएमएफ, टीएचएफ असंच चालतं. घोटाळा इथूनच सुरू होतो. 'डीएमएस' हेच घ्या. एका प्लांटमध्ये डीएमएस म्हणजे डायमिथाईल सल्फेट, दुसऱ्यात डायमिथाईल सल्फाईड. सल्फाईडला असा घाण वास येतो की झाकण सैल झालं तरी सगळ्या शेडला कळतं. सल्फेटला वास जवळजवळ नाही, त्याची वाफ जीव घेऊ शकते, आणि त्रास सुरू व्हायला काही तास जातात. माणूस शिफ्ट संपवून घरी जातो आणि रात्री छाती भरते.

म्हणून लेबलवरचा कॅस नंबर (रसायनाचा जगभर चालणारा ओळख क्रमांक) बघायचा. प्रत्येक पदार्थाचा तो एकच असतो, नाव कितीही बदललं तरी. डायमिथाईल सल्फेट ७७-७८-१, डायमिथाईल सल्फाईड ७५-१८-३. मिथिलीन क्लोराईड, डायक्लोरोमिथेन आणि एमडीसी ही तीन नावं दिसली, पण तिन्हींपुढे ७५-०९-२ असेल तर माल एकच. मिथेनॉल ६७-५६-१, इथेनॉल ६४-१७-५. या दोहोंत चूक झाली की काय होतं ते विषारी दारूच्या बातम्यांमधून सगळ्यांना माहीत आहे.

नंबरासोबत टक्केवारीही बघा. तीन टक्क्यांचं हायड्रोजन पेरॉक्साईड औषधाच्या दुकानात मिळतं. प्लांटमध्ये येतं ते पन्नास टक्क्यांचं. ते कातडी भाजतं आणि चिंध्यांना आग लावू शकतं. लेबलवर नाव तेच, कॅस नंबरही तोच.

## २. 'डेंजर' की 'वॉर्निंग'

चित्रांजवळ यापैकी एक शब्द ठळक छापलेला असतो. डेंजर म्हणजे धोका जास्त, वॉर्निंग म्हणजे त्या मानानं कमी. दोन्ही एकत्र येत नाहीत. शब्दच नसेल तर माल निर्धोक असं समजू नका, काही सौम्य वर्गांना शब्द लागत नाही आणि काही सप्लायर तो छापायचाच विसरतात.

## ३. नऊ चित्रं, आणि ती कुठे फसवतात

पांढऱ्या पार्श्वभूमीवर काळं चित्र आणि भोवती टोकावर उभा केलेला लाल चौकोन. ही पद्धत संयुक्त राष्ट्रांची आहे. तिची पहिली आवृत्ती २००३ साली निघाली, जीएचएस म्हणतात तिला. जुन्या मालावर अजून नारिंगी चौकोनातली चिन्हं आणि आर-एस नंबरांची वाक्यं दिसतात. ती युरोपची आधीची पद्धत, तिकडे ती केव्हाच बंद झाली. नारिंगी लेबल दिसलं तर एसडीएसची तारीख आवर्जून बघा, तेही तितकंच जुनं निघण्याची शक्यता दाट.

ज्योत. पेटणारा माल, एवढंच सगळे शिकतात. पण टोल्यूनवर हीच ज्योत, सोडियम हायड्राईडवर हीच ज्योत आणि रॅनी निकेलवरही (हा भुकटीतला कॅटॅलिस्ट) हीच. टोल्यूनच्या आगीवर फोम किंवा ड्राय केमिकल पावडर चालते. सोडियम हायड्राईडवर पाणी मारलं तर हायड्रोजन सुटतो आणि आग भडकते. रॅनी निकेल मात्र पाण्याखालीच ठेवावं लागतं, कारण सुकलं की हवेनंच पेट घेतं. चित्र एक आणि वागणूक तीन तऱ्हेची. फरक कळतो तो खालच्या एचच्या (हॅझार्ड, म्हणजे धोक्याच्या) ओळीतून: एच २२५ म्हणजे अतिज्वलनशील द्रव, एच २६० म्हणजे पाण्याशी संपर्क आला की पेटणारा वायू सोडणारा, एच २५० म्हणजे हवेत आपोआप पेटणारा.

वर्तुळावर ज्योत. घाईत हे आधीच्या चित्रासारखंच दिसतं. हा पदार्थ स्वतः पेटेलच असं नाही, पण दुसऱ्याला पेटवतो. नायट्रिक अ‍ॅसिड, पेरॉक्साईड, परमँगनेट, अमोनियम नायट्रेट हे या घरातले. ४ ऑगस्ट २०२० ला बैरूतच्या बंदरात २,७५० टन अमोनियम नायट्रेटचा स्फोट होऊन दोनशेहून अधिक माणसं गेली. प्लांटमधला रोजचा सापळा याहून साधा असतो: सांडलेल्या नायट्रिकवर लाकडाचा भुसा टाकणं किंवा पेरॉक्साईड कॉटन वेस्टनं पुसून ते वेस्ट डब्यात कोंबणं. थोड्या वेळानं डब्यातून धूर यायला लागतो. इथं कोरडी वाळू वापरा. आणि हे ड्रम लाकडी पॅलेटवर ठेवायची सवय दिसली तर सेफ्टी ऑफिसरच्या कानावर घाला.

सिलिंडर. आत दाबाखाली वायू आहे, एवढंच हे चित्र सांगतं. नायट्रोजनच्या सिलिंडरवर फक्त हेच असतं. ना कवटी, ना उद्गारचिन्ह. आणि तरी बंद भांड्यात उतरलेल्या माणसाला नायट्रोजन काही श्वासांत आडवा करतो. त्याला वास नाही, खोकला नाही, डोळ्यांत पाणी नाही. ब्लँकेटिंग केलेल्या (हवा हटवून नायट्रोजन भरलेल्या) रिअ‍ॅक्टरच्या मॅनहोलमधून नुसतं डोकं आत घालून 'बघतो जरा' म्हणणारे असेच गेलेत. प्राणवायू कमी पडण्याच्या धोक्याला या नऊ चित्रांत जागाच नाही. तिथं लेबल कामाचं नाही, तिथं परमिट (आत उतरायची लेखी परवानगी) आणि ऑक्सिजन मीटर. रीडिंग १९.५ टक्क्यांखाली असेल तर आत जायचं नाही, कुणी कितीही घाई करू दे.

हातावर आणि धातूवर ओतणारी नळी. भाजणारे पदार्थ. सल्फ्युरिकवर हे चित्र, कॉस्टिक लायवरही (कॉस्टिक सोड्याच्या द्रावणावर) हेच. एकच चित्र म्हणून दोघांना एका डाईकमध्ये (गळती अडवणाऱ्या कठड्यात) शेजारी ठेवणारी गोडाऊन आहेत. दोन्ही गळून एकत्र आले तर उकळून उडतात. नव्या मुलांना अ‍ॅसिडची भीती वाटते आणि लायची वाटत नाही. डोळ्याच्या बाबतीत हे उलटं हवं. अल्कली डोळ्यात खोल उतरत जाते, म्हणून आय वॉशखाली पापण्या उघड्या धरून सलग पंधरा-वीस मिनिटं पाणी सोडायचं. 'आता बरं वाटतंय' म्हणून मधेच उठायचं नाही.

कवटी आणि छातीवर चांदणी फुटलेला माणूस. कवटी म्हणजे थोड्या मालानं, लगेच. चांदणीवाला माणूस म्हणजे बहुतेक वेळा हळूहळू: कॅन्सर, दमा, प्रजननावर परिणाम, लिव्हर-किडनीचं नुकसान. कवटीला सगळे घाबरतात, चांदणीला कुणी विचारत नाही. एमडीसी हे त्याचं उत्तम उदाहरण. ते सहजी पेटत नाही म्हणून लेबलवर ज्योत नाही, आणि ज्योत नाही म्हणून लोक त्यानं हात धुतात, फरशी पुसतात. चांदणी असते ती कॅन्सरच्या संशयासाठी. शिवाय शरीरात गेल्यावर त्याचं कार्बन मोनॉक्साईड बनतं आणि त्याची वाफ हवेपेक्षा जड असल्यानं खड्ड्यात, टाकीच्या तळाशी साचते.

उद्गारचिन्ह. चुरचुर, खाज, गुंगी, सौम्य विषारीपणा. इथं एक बारकावा आहे. मोठं चिन्ह असलं की त्याच प्रकारचं छोटं चिन्ह गाळतात. म्हणजे भाजणाऱ्या नळीचं चित्र असेल तर कातडीच्या जळजळीसाठी वेगळं उद्गारचिन्ह देत नाहीत. उद्गारचिन्ह दिसत नाही याचा अर्थ 'चुरचुरणार नाही' असा लावू नका.

फुटणारा बॉम्ब आणि मेलेला मासा-झाड ही दोन उरली. बॉम्ब दिसला तर नव्या माणसानं हात लावायचाच नाही. मासा-झाड दिसलं तर धुणं पावसाच्या गटारात सोडायचं नाही, ईटीपीलाच (सांडपाणी शुद्ध करणाऱ्या प्लांटला) न्यायचं.

## ४. एचच्या ओळी: इथं वेळ द्या

हे नंबर पाठ करायची गरज नाही, त्यांची ठेवण समजली की पुरतं. दोनशेची मालिका आग-स्फोटाची, तीनशेची माणसाच्या शरीराची, चारशेची पर्यावरणाची. तीनशेत पुढे असं:

- ३०० पासून: पोटात गेलं तर
- ३१० पासून: कातडी आणि डोळे
- ३३० पासून: श्वासातून
- ३४० ते ३७३: जनुकं, कॅन्सर, प्रजनन, अवयव

आता टोल्यूनचं लेबल हातात घेऊ, कॅस १०८-८८-३. शब्द 'डेंजर'. तीन चित्रं: ज्योत, चांदणीवाला माणूस, उद्गारचिन्ह. खालच्या ओळी अशा असतात: एच २२५, द्रव आणि वाफ दोन्ही अतिज्वलनशील. त्याचा फ्लॅश पॉइंट चार अंश सेल्सिअसच्या आसपास आहे, म्हणजे आपल्याकडच्या कुठल्याही ऋतूत उघडा ड्रम पेटायला ठिणगीच काय ती कमी असते. एच ३१५, कातडीला जळजळ. एच ३३६, गुंगी आणि चक्कर. एच ३६१, पोटातल्या बाळाला इजा होण्याचा संशय. हे क्यूसीतल्या मुलींनी आणि त्यांच्या साहेबांनी दोघांनीही वाचायला हवं. एच ३७३, दीर्घकाळ संपर्कानं अवयवांना इजा. आणि एच ३०४: गिळलं आणि श्वसनमार्गात शिरलं तर जीवघेणं.

या शेवटच्या ओळीजवळ थांबा. कुणी नळीनं टोल्यून ओढताना तोंडात घेतलं, तर आपल्याकडे पहिला आरडाओरडा होतो तो 'उलटी करवा, मिठाचं पाणी द्या' असा. एच ३०४ असलेल्या मालाला तेच करायचं नसतं. उलटी होताना द्रव फुप्फुसात उतरतो, आणि पोटातल्यापेक्षा तिथं तो जास्त घातक. रॉकेल, पेट्रोल, थिनर सगळ्यांना हाच नियम. त्याच लेबलवर पी ३३१ ही ओळ असते: उलटी करवू नका.

## ५. पीच्या ओळी: काय करायचं

एच धोका सांगतं, पी काम सांगतं. दोनशेची मालिका आधीची काळजी, तीनशेची झाल्यावर काय, चारशेची साठवण, पाचशेची विल्हेवाट. ड्रम उघडण्यापूर्वी निदान दोनशे आणि तीनशे वाचा. सॉल्व्हंटच्या लेबलवर पी २४० दिसेल: अर्थिंग आणि बाँडिंग, म्हणजे भांडी तारेनं जमिनीला आणि एकमेकांना जोडणं. टोल्यून प्लॅस्टिकच्या बादलीत वरून धार सोडून ओतलं की स्थिर वीज तयार होते. क्लॅम्प ड्रमलाही लावायचा आणि ज्यात ओततोय त्या धातूच्या भांड्यालाही, आणि तो रंगावर नव्हे, उघड्या धातूवर बसला पाहिजे. रंगाच्या थरावर लावलेला क्लॅम्प इन्स्पेक्शनच्या फोटोत छान दिसतो, उपयोग शून्य.

## ६. एसडीएस: सोळापैकी तीन आधी

एसडीएसमध्ये सोळा भाग असतात आणि त्यांचा क्रम ठरलेला असतो. सगळं वाचायला वेळ मिळत नाही हे मान्य. मग भाग ४ (प्रथमोपचार), भाग ८ (संरक्षणाची साधनं) आणि भाग १० (कशाशी रिअ‍ॅक्शन होते) आधी वाचा आणि डायरीत प्रत्येकी एक ओळ लिहा.

भाग ८ मधला नेहमीचा सापळा म्हणजे 'योग्य ग्लोव्हज वापरा' एवढंच लिहिलेलं असणं. योग्य म्हणजे कुठले? स्टोअरमध्ये निळे नायट्राईलचे मिळतात आणि सगळ्या कामाला तेच घालतात. एमडीसी नायट्राईलमधून काही मिनिटांत आरपार जातं, ग्लोव्ह फाटत नाही, नुसता हात गार लागतो. चांगल्या एसडीएसमध्ये मटेरियल, जाडी आणि किती मिनिटं टिकेल हे लिहिलेलं असतं. नसेल तर स्टोअरमार्फत सप्लायरला विचारायला लावा.

भाग ४ साठी हायड्रोफ्लोरिक अ‍ॅसिड आठवा. पातळ द्रावण हातावर पडलं तर लगेच दुखतही नाही, तासांनी ठणका लागतो, आणि तोवर ते आत जाऊन शरीरातलं कॅल्शियम बांधून टाकत असतं. पाण्यानं धुतल्यावर कॅल्शियम ग्लुकोनेटचं जेल चोळावं लागतं. ते ओएचसीत आहे का आणि त्याची एक्स्पायरी उलटून गेलीय का, हे ड्रम उघडायच्या आधी बघायचं.

## ७. टाकी, टँकर आणि उलटे आकडे

प्लांटमधल्या मोठ्या टाक्यांवर चार रंगांचा चौकोन रंगवलेला असतो. ही अमेरिकेची एनएफपीए पद्धत. निळा आरोग्य, लाल आग, पिवळा अस्थिरता, पांढरा खास सूचना. पांढऱ्यात आडवी रेघ मारलेलं डब्ल्यू असेल तर पाणी नको. अमोनियाच्या टाकीवर निळ्यात ३, लालमध्ये १, पिवळ्यात ० दिसेल. इथं आकडा जितका मोठा तितका धोका जास्त, ४ सर्वांत वाईट. एसडीएसच्या भाग २ मध्ये नेमकं उलटं असतं, तिथं कॅटेगरी १ सर्वांत वाईट. 'कॅटेगरी १ आहे, म्हणजे काही नाही' असं म्हणणारे सुपरवायझरही भेटतात.

बाहेरून आलेल्या ड्रमवर वाहतुकीचे रंगीत चौकोन असतात, खालच्या कोपऱ्यात वर्गाचा आकडा: ३ ज्वलनशील द्रव, ५.१ ऑक्सिडायझर, ६.१ विषारी, ८ भाजणारं. तो चौकोन असला तर त्याच धोक्याचं लाल चौकटीतलं चित्र पुन्हा छापायची गरज नसते, म्हणून काही ड्रमवर ज्योत 'गायब' वाटते. उलट कॅन्सरसारखे दूरचे धोके वाहतुकीच्या चौकोनात कधीच येत नाहीत.

टँकरच्या मागे आणि बाजूंना इमर्जन्सी पॅनेल असतं. त्यावर मालाचं नाव, चार आकडी यूएन नंबर (मालाचा वाहतुकीतला ओळख क्रमांक), फोन नंबर आणि हॅझकेम कोड (अपघातात काय करायचं ते सांगणारा). पेट्रोलच्या टँकरवर १२०३ आणि '३ वाय ई' दिसतं: ३ म्हणजे फोम, वाय म्हणजे भडका उडू शकतो, श्वासाचं उपकरण लावा आणि माल गटारात जाऊ देऊ नका, ई म्हणजे आजूबाजूची माणसं हलवण्याचा विचार करा. सल्फ्युरिक अ‍ॅसिडचा यूएन नंबर १८३०, हायड्रोक्लोरिकचा १७८९. कोड उलगडणं फायर ब्रिगेडचं काम. मुंबई-गोवा हायवेवर टँकर कलंडलेला दिसला तर तुमचं काम एवढंच: वाऱ्याच्या वरच्या अंगाला लांब उभं राहून चार आकडे वाचता आले तर वाचायचे आणि ११२ ला सांगायचे. आकडे वाचण्यासाठी जवळ जायचं नाही, आणि कॅन घेऊन धावणाऱ्यांच्या मागे तर मुळीच नाही.

## ८. लेबल शेजाऱ्याबद्दल बोलत नाही

लेबल त्या एका ड्रमपुरतं असतं. युटिलिटीत कूलिंग टॉवरसाठी हायपोचे (सोडियम हायपोक्लोराईट, म्हणजे ब्लीचचे) कॅन असतात, शेजारी डीएम प्लांटसाठी (पाण्यातले क्षार काढायला) हायड्रोक्लोरिकचे कारबॉय. दोन्ही कॅन सारखे, द्रव फिकट पिवळसर. चुकीच्या टाकीत चुकीचा कॅन ओतला की क्लोरीन सुटतो. हायपोच्या लेबलवर 'अ‍ॅसिडशी संपर्क आल्यास विषारी वायू' ही ओळ असते, पण ती युरोपच्या जादा यादीतली, ईयूएच ०३१, त्यामुळे प्रत्येक देशी लेबलवर सापडेलच असं नाही. घरात संडास साफ करताना ब्लीच आणि अ‍ॅसिड एकत्र ओतल्यावर होतं ते हेच.

तसंच थायोनिल क्लोराईडचं. पाणी लागलं की हायड्रोजन क्लोराईड आणि सल्फर डायऑक्साईड. पावसाळ्यात गळक्या पत्र्याखाली ते ठेवलंय का हे लेबल सांगणार नाही, वर मान करून बघावं लागेल.

## ९. लेबल नाही किंवा दोन आहेत

लेबल नसलेला ड्रम वास घेऊन ओळखायचा नाही. 'हुंगून सांगतो' म्हणणारे जुने ऑपरेटर प्रत्येक प्लांटमध्ये असतात, त्यांचा मान ठेवा आणि नाक स्वतःजवळ ठेवा. ड्रम बाजूला काढा, 'अज्ञात, हात लावू नये' लिहा, शिफ्ट इनचार्जला सांगा, क्यूसीकडे सँपल जाऊ द्या. एकावर एक दोन लेबलं असतील तरी हेच.

कॅनमधून बीकरमध्ये, ड्रममधून बादलीत काढलं की नव्या भांड्याला त्याच क्षणी लेबल: पूर्ण नाव, टक्केवारी, मुख्य धोका, तारीख, तुमचं नाव. 'पाच मिनिटांत वापरणार आहे' हे कारण नको, पाच मिनिटांत शिफ्ट बदलते. आणि पाण्याच्या किंवा कोल्ड्रिंकच्या बाटलीत काहीही भरायचं नाही, लेबल लावूनसुद्धा नाही.

## १०. गावाकडची बाटली

प्लांटमधली निम्मी पोरं सुट्टीला शेतावर फवारणी करतात, म्हणून हेही. कीटकनाशकांची पद्धत वेगळी आहे, ती १९७१ च्या कीटकनाशक नियमांतली. टोकावरचा चौकोन, खालच्या अर्ध्या भागात रंग: लाल अत्यंत विषारी, पिवळा त्याखाली, मग निळा, मग हिरवा. लालवर कवटी असते. पिवळ्यावर कवटी नसते पण 'विष' लिहिलेलं असतं, आणि लोक कवटी नाही म्हणून ते हातानं ढवळतात. हिरवा म्हणजे निर्धोक नव्हे, 'त्या मानानं कमी'. शिवाय हे वर्ग प्रामुख्यानं एकेका औषधाच्या विषारीपणावर ठरलेत, दोन-तीन औषधं एका पंपात मिसळून, वाऱ्याच्या तोंडाला, दाट कपाशीत फवारली तर काय होईल हे त्यात नाही. २०१७ च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं वीसहून जास्त शेतकरी आणि मजूर दगावले. विषबाधा झाली तर बाटली किंवा पत्रक दवाखान्यात सोबत न्या, त्यावर उतारा छापलेला असतो. डॉक्टरांना त्याचा उपयोग होतो.

## ११. रिकामा ड्रम रिकामा नसतो

माल संपला तरी तळाशी चमचाभर उरतो आणि आत वाफ भरलेली असते. सॉल्व्हंटचा भरलेला ड्रम कापायला कुणी जात नाही, रिकाम्यालाच गॅस कटर लावतात आणि तोच उडतो. म्हणून ड्रम डीकंटॅमिनेट (आतून पूर्ण साफ) होईपर्यंत लेबल काढायचं नाही, झाकण घट्ट ठेवायचं आणि तो अधिकृत रीसायकलरकडेच जायला हवा. लेबल खरवडून ड्रम गेटबाहेर जाताना दिसला तर तो कुठल्या भंगारवाल्याकडे चाललाय ते विचारा.

कारण पुढे तो निळा ड्रम बाजारात येतो, आणि पाणीटंचाईच्या दिवसांत दारोदारी त्यातच पाणी भरतात. तुम्ही घरी नेणार असाल तर खायच्या तेलाचा किंवा सरबताच्या सिरपचा, मूळ लेबलसकट मिळाला तरच घ्या. लेबल घासून काढलेला, धुऊन चकचकीत केलेला ड्रम दोनशे रुपयांनी स्वस्त मिळत असेल तरी नको. एचडीपीईच्या (ड्रमच्या प्लॅस्टिकच्या) भिंतीत सॉल्व्हंट मुरतं, साबणानं ते निघत नाही, आणि उन्हात ठेवला की पाण्यात परत उतरतं.